खोऱ्याची शेवटची पायरी : किनाऱ्यावरील पाणथळ जागा आणि त्यांचे अभ्यासक

भरतीला पाण्याखाली जाणारा आणि ओहोटीला उघडा पडणारा जमिनीचा पट्टा आणि त्यालगतचे उथळ पाणी म्हणजे किनाऱ्यावरील पाणथळ जागा. खाडीची मुखे, चिखलपाट, खारफुटीची वने, खाजणे, मिठागरे, किनाऱ्यालगतची उथळ तळी, समुद्री गवताची कुरणे आणि प्रवाळांचे उथळ पट्टे हे सारे या एका नावाखाली येते. इराणमधील रामसर या गावी २ फेब्रुवारी १९७१ रोजी झालेल्या आंतरराष्ट्रीय कराराने पाणथळ जागेची व्याख्या ठरवली. ओहोटीच्या वेळी सहा मीटरपेक्षा खोल नसलेले समुद्राचे पाणीही तिच्यात धरले गेले. भारत १९८२ मध्ये या करारात सामील झाला.

महाराष्ट्राला सुमारे ७२० किलोमीटरचा किनारा आहे. सह्याद्रीवरून उतरणाऱ्या नद्या आखूड आणि वेगवान आहेत. समुद्राला मिळताना त्या खाड्या करतात. वैतरणा, उल्हास, ठाणे, धरमतर, सावित्री, दाभोळ, भाट्ये, कर्ली आणि तेरेखोल या खाड्यांच्या दोन्ही काठांना राज्यातील खारफुटी पसरली आहे. भारतीय वन सर्वेक्षण संस्थेच्या २०२१ च्या अहवालात महाराष्ट्रातील खारफुटीचे क्षेत्र ३२४ चौरस किलोमीटर नोंदले आहे. त्याच अहवालानुसार देशाचे एकूण क्षेत्र ४,९९२ चौरस किलोमीटर आहे. त्यात पश्चिम बंगाल पहिल्या क्रमांकावर आणि गुजरात दुसऱ्या क्रमांकावर आहे.

या जागा वाचवण्याचे काम वनखाते, न्यायालये, मच्छीमार आणि नागरिक अशा अनेकांनी मिळून केले. त्या कामाचा पाया सागरी जीवशास्त्रज्ञांनी घातला. चिखलात उतरून केलेल्या त्यांच्या मोजणीमुळे ‘पडीक दलदल’ म्हणून सरकारी दप्तरात नोंदलेल्या जमिनीची खरी किंमत कळली. त्या मोजणीतून आणखी एक गोष्ट दिसली. किनाऱ्यावरची पाणथळ जागा ही समुद्राइतकीच तिच्यामागच्या नदीची निर्मिती असते. म्हणून तिचा विचार किनाऱ्यापासून दूर असलेल्या गावांतूनही व्हायला हवा.

सोनगीरचे पाणी कुठे जाते

धुळे तालुक्यातील सोनगीर हे मुंबई-आग्रा महामार्गावरचे गाव. टेकडीवरचा किल्ला आणि तांब्या-पितळेची भांडी यांसाठी ते खानदेशात ओळखले जाते. हा कमी पावसाचा, विहिरी आणि नाल्यांवर जगणारा मुलूख आहे. येथून समुद्र डोळ्यांना दिसत नाही, पण येथे पडलेला पाऊस नाल्यांमधून तापीकडे आणि तापीतून अरबी समुद्राकडे जातो.

तापी मध्य प्रदेशातील मुलताईजवळ उगम पावते आणि सुमारे ७२४ किलोमीटर वाहून सुरतेपुढे खंबातच्या आखाताला मिळते. तिच्या खोऱ्याचे क्षेत्र सुमारे ६५ हजार चौरस किलोमीटर असून त्यातील जवळपास चार पंचमांश भाग महाराष्ट्रात आहे. पूर्णा, वाघूर, गिरणा, बोरी, अनेर, पांझरा, अरुणावती आणि गोमाई या तिच्या उपनद्या. धुळ्यातून वाहणारी पांझरा शिंदखेडा तालुक्यात मुडावदजवळ तापीला मिळते. मुख गुजरातेत असले तरी तिथे पोहोचणारे पाणी आणि गाळ मुख्यतः विदर्भ आणि खानदेशातील शेतशिवारांमधून येतात.

खंबातच्या आखातात भरती-ओहोटीतला फरक देशात सर्वाधिक आहे. भावनगरच्या बाजूला तो दहा मीटरच्या आसपास जातो. एवढ्या जोराच्या पाण्यात नदीचा गाळ सतत ढवळला जातो, किनाऱ्याला लागतो आणि पुन्हा उचलला जातो. डुमस आणि हजिरा परिसरात तापीच्या मुखाशी चिखलपाट आणि तिवरांची झुडपे आहेत. त्यांना लागणारी माती नदीने आणावी लागते. ती कमी आली तर लाटांनी खाल्लेला काठ भरून निघत नाही. १९५३ मध्ये काकरापार बंधारा, १९७२ मध्ये उकाई धरण आणि पुढे हतनूर, सुलवाडे, सारंगखेडा, प्रकाशा असे अडथळे तापीवर उभे राहिले. त्यांनी शेतीला, शहरांना आणि उद्योगांना पाणी दिले. त्याबरोबरच गाळ आणि गोडे पाणी समुद्राकडे जाण्याचा वेग आणि हंगाम बदलला. सोनगीरजवळच्या जामफळ प्रकल्पात तापीचे पावसाळ्यातील पाणी सुलवाडे बंधाऱ्यातून उचलून आणण्याची योजना आहे. दुष्काळी शिवारासाठी ही गरजेची गोष्ट आहे. मात्र अशा प्रत्येक योजनेच्या हिशेबात नदीच्या मुखाचाही एक रकाना असायला हवा, असे किनाऱ्याचे विज्ञान सांगते.

चिखलातील व्यवस्था

खाडीतले पाणी दिवसातून दोनदा चढते आणि दोनदा उतरते. पावसाळ्यात ते जवळजवळ गोडे होते, तर उन्हाळ्यात समुद्रापेक्षाही खारे होऊ शकते. चिखलात वरच्या पातळ थराखाली प्राणवायू नसतो. अशा ठिकाणी बहुतेक झाडे जगत नाहीत. खारफुटीच्या जातींनी यावर निरनिराळे उपाय शोधले आहेत.

तिवराची मुळे जमिनीतून पेन्सिलीसारखी वर येतात आणि ओहोटीच्या वेळी हवा घेतात. कांदळाला खोडापासून कमानीसारखी आधारमुळे फुटतात. ती झाडाला मऊ चिखलात उभे धरतात. तिवर आणि काजळा पानांवाटे मीठ बाहेर टाकतात, त्यामुळे कोरड्या दिवशी पानांवर मिठाचे कण दिसतात. कांदळाची मुळे बरेचसे मीठ आत येऊच देत नाहीत. कांदळाचे बी झाडावर असतानाच रुजते आणि लांब शेंगेसारखे रोप तयार होते. ते खाली पडून चिखलात उभे रुतते किंवा पाण्याबरोबर तरंगत दुसऱ्या काठाला लागते. चिप्पी, हुरा, मारांडी अशा जाती खारटपणाच्या आणि उंचीच्या क्रमाने आपापल्या पट्ट्यात वाढतात. महाराष्ट्रात खऱ्या खारफुटीच्या सुमारे वीस जाती आढळतात. पांढऱ्या चिप्पीला २०२० मध्ये राज्य शासनाने ‘राज्य कांदळवन वृक्ष’ म्हणून घोषित केले. असा दर्जा देणारे महाराष्ट्र हे देशातील पहिले राज्य ठरले.

झाडाची गळलेली पाने ही या व्यवस्थेतील मुख्य शिदोरी. खेकडे ती बिळात ओढून नेतात, बुरशी आणि जिवाणू ती कुजवतात. त्या कुजलेल्या कणांवर किडे, गोगलगायी, कोळंबीची पिल्ले आणि लहान मासे वाढतात. बोय, शेंगाळा, जिताडा, काळुंद्र, कोळंबी आणि चिंबोरी यांच्या आयुष्याचा काही भाग तरी खाडीत जातो. मुळांच्या जाळ्यात मोठे मासे शिरू शकत नाहीत, म्हणून पिल्लांना तिथे आसरा मिळतो. निवटी हा मासा ओहोटीला चिखलावर सरपटत फिरतो आणि कातडीवाटेही श्वास घेतो. कालवे आणि तिसऱ्या पाणी गाळून अन्न मिळवतात आणि ते करताना पाणी स्वच्छ करतात. किनाऱ्यावरच्या बाजारात येणाऱ्या मासळीचा मोठा वाटा अशा रीतीने खाडीच्या चिखलावर अवलंबून असतो.

याच चिखलात कर्बही साठतो. प्राणवायू नसल्यामुळे पाने आणि मुळे पूर्ण कुजत नाहीत आणि त्यांतील कर्ब शतकानुशतके मातीत राहतो. म्हणून खारफुटी तोडून जमीन भरली तर झाडांबरोबर जमिनीत साठलेला कर्बही हवेत जातो. तापमानवाढीच्या काळात या गोष्टीचे महत्त्व वाढले आहे.

वादळ आणि पुराच्या वेळी ही वने किनाऱ्यावर येणाऱ्या पाण्याचा जोर कमी करतात. ओडिशात २९ ऑक्टोबर १९९९ रोजी आलेल्या महाचक्रीवादळाचा अभ्यास सौदामिनी दास आणि जेफ्री व्हिन्सेंट यांनी केला आणि तो २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. केंद्रपाडा जिल्ह्यात समुद्र आणि गाव यांच्यामध्ये खारफुटीचा रुंद पट्टा असलेल्या गावांत मृत्यू कमी झाले, असे त्यांच्या हिशेबातून दिसले. मुंबईत २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. त्या पुरानंतर मिठी नदीचे आकसलेले पात्र आणि तिच्या मुखाशी नाहीशी झालेली खारफुटी हे प्रश्न सर्वसामान्यांच्या बोलण्यात आले.

मोजणीची रीत

सागरी जीवशास्त्रज्ञाचे काम भरती-ओहोटीच्या वेळापत्रकावर चालते. सर्वांत मोठी ओहोटी अमावास्या आणि पौर्णिमेच्या आसपास असते. त्या काही तासांत चिखलपाटावर जाऊन नमुने घ्यावे लागतात. काठापासून पाण्याच्या दिशेने एक सरळ रेषा आखली जाते. तिच्यावर ठरावीक अंतराने चौकट ठेवून आतली झाडे, रोपे, मुळे, खेकड्यांची बिळे आणि गोगलगायी मोजल्या जातात. चिखलाचा ठरावीक खोलीचा गोळा काढून बारीक चाळणीतून धुतला जातो. चाळणीवर राहिलेले किडे आणि शिंपले जपून ठेवून प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली ओळखले जातात. पाण्याचा खारटपणा, तापमान, विरघळलेला प्राणवायू, गढूळपणा आणि नत्र-स्फुरदाचे प्रमाण नोंदले जाते. हे सारे पावसाळ्याआधी, पावसाळ्यात आणि नंतर अशा तिन्ही हंगामांत करावे लागते.

या नोंदींना आता उपग्रहाच्या प्रतिमांची जोड मिळाली आहे. प्रतिमेवरून खारफुटीचे क्षेत्र, तिची दाटी आणि वर्षागणिक बदल कळतो. पण प्रतिमेत तिवर आणि चिप्पी वेगळे ओळखणे किंवा झाडाखाली किती खेकडे आहेत हे सांगणे अवघड असते. त्यासाठी माणसाला चिखलात जावेच लागते. पक्ष्यांसाठी ठरावीक ठिकाणांहून गणना होते. काही पक्ष्यांच्या पायात कडी आणि पाठीवर उपग्रहाशी जोडलेले छोटे यंत्र बसवले जाते. मासळीसाठी बंदरावर उतरलेल्या मालाची जातवार नोंद होते.

या मोजणीचा सर्वांत मोठा उपयोग तुलनेसाठी होतो. एखाद्या खाडीची दहा वर्षांपूर्वीची नोंद हाताशी नसेल तर आज तिथे काय हरवले हे कोणीही ठामपणे सांगू शकत नाही. न्यायालयात किंवा पर्यावरण मंजुरीच्या सुनावणीत अशा जुन्या नोंदीच पुरावा ठरतात. म्हणून ज्यांनी चार-पाच दशकांपूर्वी, कोणी विचारत नव्हते तेव्हा, खाड्यांच्या नोंदी ठेवल्या, त्यांचे ऋण मोठे आहे.

पाया घालणारे अभ्यासक

देशात या विषयाला संस्थात्मक आधार स्वातंत्र्याच्या सुमारास मिळू लागला. केंद्रीय सागरी मात्स्यिकी संशोधन संस्था १९४७ मध्ये, मुंबईची केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्था १९६१ मध्ये आणि गोव्यातील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था १९६६ मध्ये सुरू झाली. रत्नागिरीला सागरी जीवशास्त्रीय संशोधन केंद्र आहे. तेथेच शिरगावला मत्स्य महाविद्यालयही आहे. मुंबई नॅचरल हिस्टरी सोसायटी १८८३ पासून निसर्गनोंदी ठेवत आली.

राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेतील डॉ. अरविंद उंटवाले यांनी पश्चिम किनाऱ्यावरील खारफुटीच्या अभ्यासाला दिशा दिली. कोणत्या खाडीत कोणती जात आहे, ती कशी वाढते आणि नष्ट झालेल्या ठिकाणी तिची रोपवाटिका करून पुन्हा लागवड कशी करावी, या प्रश्नांवर त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काम केले. भारतीय मँग्रोव्ह सोसायटीच्या माध्यमातून हा विषय प्रयोगशाळेबाहेर नेण्यातही त्यांचा वाटा होता. राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेतीलच डॉ. टी. जी. जगताप यांनी गोव्याच्या खारफुटीबरोबर समुद्री गवताचाही अभ्यास केला. डॉ. बबन इंगोले यांनी समुद्रतळाच्या चिखलातील जीवांवर काम केले.

कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठातील डॉ. लीला भोसले यांचे काम वनस्पतिशास्त्राच्या बाजूने सुरू झाले. रत्नागिरी जिल्ह्यातील खाड्यांतून त्यांनी खारफुटीच्या वाढीचा आणि मीठ सोसण्याच्या क्षमतेचा अभ्यास केला. महाराष्ट्रातील खारफुटी ओळखण्यासाठी त्यांनी क्षेत्रपुस्तिका तयार केली. समुद्रापासून दूर असलेल्या कोल्हापुरात राहून किनाऱ्यावर एवढे काम उभे राहू शकते, ही गोष्ट धुळे-जळगावच्या विद्यार्थ्यांनी लक्षात घेण्याजोगी आहे.

मुंबई नॅचरल हिस्टरी सोसायटीचे संचालक राहिलेले डॉ. दीपक आपटे हे मृदुकाय प्राण्यांचे अभ्यासक. भारतीय शंख-शिंपल्यांवरचे त्यांचे पुस्तक अनेक हौशी निरीक्षकांच्या हातात असते. लक्षद्वीपमध्ये महाकाय शिंपल्यांच्या संवर्धनासाठी त्यांनी तिथल्या बेटवासीयांना बरोबर घेतले. मालवण-तारकर्लीच्या पाण्यात डॉ. सारंग कुलकर्णी यांनी प्रवाळांचा अभ्यास आणि पाण्याखालचे पर्यटन यांची सांगड घालण्याचा प्रयत्न केला. मालवणचे सागरी अभयारण्य १९८७ मध्ये घोषित झाले. या सर्वांच्या कामात एक समान धागा आहे. त्यांनी आपले ज्ञान शोधनिबंधापुरते ठेवले नाही. वनाधिकारी, मच्छीमार, शिक्षक आणि न्यायालये यांच्यापर्यंत ते पोहोचवले.

नाश, कायदा आणि न्यायालय

मुंबईचा विस्तारच समुद्र आणि खाड्या भरून झाला. सात बेटांमधल्या उथळ खाड्या बुजवून शहर जोडले गेले. पुढे वांद्रे-कुर्ला, माहीम, वर्सोवा, वाशी, उरण अशा ठिकाणी खारफुटी आणि मिठागरांवर भराव पडले. कचराभूमी, सांडपाणी, बेकायदा झोपड्या, बांधकामाचा राडारोडा, कोळंबीची तळी आणि सरपणासाठी तोड ही नाशाची कारणे. सर्वांत धूर्त रीत म्हणजे भरतीचे पाणी येण्याची वाट बांध घालून अडवायची. झाडे हळूहळू सुकतात आणि मग जमीन ‘मोकळी’ असल्याचे दाखवता येते.

किनारा नियमन क्षेत्राची पहिली अधिसूचना १९ फेब्रुवारी १९९१ रोजी निघाली. तिच्यात खारफुटीला सर्वांत संवेदनशील वर्गात ठेवले गेले. पुढे २०११ आणि २०१९ मध्ये नव्या अधिसूचना आल्या. नियम होते, पण नकाशे आणि अंमलबजावणी कमी पडली. बॉम्बे एन्व्हायर्नमेंटल ॲक्शन ग्रुपच्या जनहित याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने ६ ऑक्टोबर २००५ रोजी अंतरिम आदेश दिला. राज्यभरातील खारफुटीची तोड आणि तिच्याभोवतीच्या ५० मीटर पट्ट्यातील बांधकाम त्याने थांबवले. शासकीय जमिनीवरची खारफुटी वन म्हणून संरक्षित करण्याची प्रक्रियाही त्यातून सुरू झाली. १७ सप्टेंबर २०१८ रोजी न्यायमूर्ती अभय ओक आणि न्यायमूर्ती रियाझ छागला यांच्या खंडपीठाने अंतिम निकाल दिला. खारफुटीचा नाश हा नागरिकांच्या जगण्याच्या मूलभूत हक्काचा भंग आहे, असे त्यात म्हटले गेले. सार्वजनिक हिताच्या अपरिहार्य प्रकल्पांसाठीच आणि न्यायालयाच्या परवानगीनेच तोड करता येते.

अशी परवानगी मिळतेही. मुंबई-अहमदाबाद वेगवान रेल्वेसाठी डिसेंबर २०२२ मध्ये सुमारे २२ हजार झाडांच्या बाबतीत ती मिळाली. भरपाई म्हणून दुसरीकडे लागवड करण्याची अट असते. येथे जीवशास्त्रज्ञांचा सल्ला महत्त्वाचा ठरतो. मोकळा चिखलपाट ही रिकामी जागा नव्हे. तिथे पाणपक्षी चरतात आणि शिंपले वाढतात. त्यावर सरसकट झाडे लावली तर एका पाणथळ जागेच्या बदल्यात दुसरी जाते. भरतीची पातळी आणि मातीचा प्रकार न पाहता लावलेली रोपे मरतात. काही ठिकाणी लागवडीपेक्षा अडवलेला पाण्याचा मार्ग मोकळा करणे जास्त परिणामकारक ठरते. पाणी आले की बी आपणच येते.

महाराष्ट्र शासनाने जानेवारी २०१२ मध्ये वनखात्यात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन केला. त्याचे पहिले प्रमुख वनाधिकारी एन. वासुदेवन होते. अशा प्रकारचा स्वतंत्र विभाग देशात प्रथमच झाला. ठाणे खाडीचा सुमारे १,६९० हेक्टरचा भाग ऑगस्ट २०१५ मध्ये रोहित पक्ष्यांचे अभयारण्य म्हणून घोषित झाला. ऐरोलीला किनारी आणि सागरी जैवविविधता केंद्र उभे राहिले. २०२२ मध्ये ठाणे खाडीला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. नांदूर मध्यमेश्वर आणि लोणार यांच्यानंतरचे हे राज्यातील तिसरे रामसर स्थळ आणि त्यातले एकमेव किनारी स्थळ.

ठाणे खाडीत १९९० च्या दशकात रोहित पक्षी मोठ्या संख्येने येऊ लागले. सांडपाण्यातील पोषकद्रव्यांमुळे तिथे वाढणारे नीलहरित शेवाळ हे त्यांचे अन्न. मुंबई नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या गणनेत पुढे ही संख्या एक लाखाच्या वर गेली. संस्थेने काही पक्ष्यांना उपग्रहाशी जोडलेली यंत्रे बसवली तेव्हा पावसाळ्याच्या सुमारास ते गुजरातकडे जातात हे नोंदले गेले. दोन्ही ठिकाणच्या पाणथळ जागा टिकल्या तरच हा पक्षी टिकेल. दुसरीकडे खाडीत वाढणाऱ्या गाळावर खारफुटी पसरत आहे आणि मोकळा चिखलपाट आकसत आहे. म्हणजे खारफुटीचे क्षेत्र वाढले ही बातमी प्रत्येक ठिकाणी आनंदाचीच असते असे नाही. अशा बारकाव्यांसाठी सलग नोंदींची गरज असते.

उपजीविका आणि गावाचा वाटा

पाणथळ जागेच्या रक्षणातून गावाला काही मिळाले तरच ते रक्षण टिकते. संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाच्या सहकार्याने सिंधुदुर्ग जिल्ह्यात २०१७ पर्यंत राबवलेल्या प्रकल्पाने ही दिशा दाखवली. खाडीत पिंजरे लावून चिंबोरीपालन, कालवपालन आणि जिताड्यासारख्या माशांचे संगोपन यांचे प्रयोग झाले. वेंगुर्ल्याच्या मांडवी खाडीत स्वामिनी बचत गटाच्या महिला पर्यटकांना होडीतून कांदळवन दाखवू लागल्या. झाडांची नावे, पक्षी, खेकडे यांची माहिती त्या स्वतः देतात. एके काळी ज्या खाडीकडे घाणीची जागा म्हणून पाहिले जाई, तीच त्यांच्या घराला उत्पन्न देऊ लागली. २०१७ मध्ये राज्य शासनाने कांदळवन संरक्षण आणि उपजीविका निर्माण योजना आणली. सामूहिक प्रकल्पांना ९० टक्के आणि वैयक्तिक प्रकल्पांना ७५ टक्के अनुदानाची तरतूद तिच्यात आहे. केंद्र सरकारनेही ५ जून २०२३ रोजी किनारी राज्यांत खारफुटी वाढवण्याची ‘मिष्टी’ योजना सुरू केली.

गावाने मिळून पाणी सांभाळण्याची परंपरा किनाऱ्यावर जुनी आहे. गोव्यात खाडीकाठी बांध घालून खारे पाणी बाहेर ठेवलेली खाजणे आहेत. बांधाला ‘मानस’ नावाची झडप असते. ती भरतीच्या वेळी बंद आणि ओहोटीच्या वेळी उघडी राहते. पावसाळ्यात तिथे कोरगुट जातीचा खार सोसणारा भात पिकतो आणि नंतर मासळी मिळते. बांधाची डागडुजी शेतकरी मिळून करत. ती व्यवस्था ढिली झाली तिथे बांध फुटले, शेते खारट झाली आणि खारफुटी आत शिरली.

खानदेशात पांझरा, मोसम आणि गिरणेच्या काठी याच जातीची एक परंपरा आहे. नदीवर बंधारा, त्यातून पाट, शिवाराचे फड, एका फडात सर्वांचे एकच पीक आणि पाण्याची पाळी ठरवणारे पाटकरी व हवालदार, अशी ही फड पद्धत काही शतके चालली. कोकणातला बांध आणि पांझरेवरचा बंधारा यांच्यामागचा विचार एकच आहे : पाणी कोणा एकाचे नाही, म्हणून त्याची राखण सर्वांची. पाणथळ जागांचे आजचे व्यवस्थापन नव्या कायद्यांवर उभे असले तरी त्याला लागणारी सामूहिक सवय महाराष्ट्राला परकी नाही.

खोऱ्यात करण्याजोगे

किनाऱ्याच्या रक्षणात खोऱ्यातील गावांचा वाटा चार ठिकाणी स्पष्ट दिसतो.

पहिला वाटा नदीच्या प्रवाहाचा. धरणे आणि बंधारे यांतून ठरावीक हंगामात पर्यावरणासाठी पाणी सोडणे, नदीतील वाळूचा बेसुमार उपसा थांबवणे आणि माशांच्या येण्या-जाण्याची वाट ठेवणे हे नदीच्या मुखाला थेट उपयोगी पडते. समुद्रातून नदीत चढणारे आणि नदीतून समुद्रात उतरणारे अनेक मासे अशा अडथळ्यांमुळे कमी होतात.

दुसरा वाटा प्रदूषणाचा. शहरांचे सांडपाणी, कारखान्यांचे पाणी, शेतातून वाहून जाणारी खते आणि कीटकनाशके, नाल्यात टाकलेले प्लास्टिक हे सारे शेवटी खाडीच्या चिखलात साठते. कालवे आणि शिंपले पाणी गाळत असल्याने जड धातू त्यांच्या शरीरात जमा होतात आणि तेथून माणसाच्या ताटात येतात. सोनगीर, धुळे, अमळनेर किंवा भुसावळ येथे प्रक्रिया झालेले प्रत्येक लिटर सांडपाणी तापीच्या मुखाचाही भार हलका करते.

तिसरा वाटा आतल्या पाणथळ जागांचा. भुसावळ-वरणगाव परिसरातील हतनूर जलाशयावर हिवाळ्यात स्थलांतरित बदके आणि पाणपक्षी येतात. महत्त्वाचे पक्षीक्षेत्र म्हणून तो पक्षीनिरीक्षकांना परिचित आहे. उत्तर आशियातून येणारे पक्षी मध्य आशियाई मार्गाने उतरतात आणि किनारा व आतले जलाशय दोन्ही वापरतात. पाणथळ जागांच्या संवर्धनासाठी केंद्राने २०१७ मध्ये नियम केले. त्यांनुसार पाणथळ जागांची यादी करणे हे राज्याच्या पाणथळ प्राधिकरणाचे काम आहे. जामफळसारख्या नव्या जलाशयांची पहिल्या वर्षापासून पक्षी, मासे आणि पाण्याच्या गुणवत्तेची नोंद ठेवली तर पुढच्या पिढीला तुलनेसाठी पाया मिळेल.

चौथा वाटा अभ्यासकांचा. जळगावला १९९० मध्ये स्थापन झालेल्या आणि आज कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचे नाव असलेल्या उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाच्या महाविद्यालयांतून प्राणिशास्त्र, वनस्पतिशास्त्र आणि पर्यावरणशास्त्राचे अनेक पदवीधर दरवर्षी बाहेर पडतात. त्यांच्यापुढे रत्नागिरी, मुंबई आणि गोवा येथील संस्थांची वाट खुली आहे. समुद्राजवळ जन्म ही सागरी जीवशास्त्राची अट नाही. पाण्याचे नमुने घेण्याची शिस्त, जाती ओळखण्याची चिकाटी आणि वर्षानुवर्षे नोंद ठेवण्याचा धीर हीच तिची खरी अट. पांझरेच्या काठावर हे शिकता येते. तापीच्या उगमापासून मुखापर्यंत एकाच पद्धतीने, अनेक महाविद्यालयांनी वाटून घेतलेल्या नोंदी तयार झाल्या, तर नदीचे खोरे आणि किनारा यांचा एकत्रित हिशेब मांडता येईल. समुद्राची पातळी वाढत असलेल्या या काळात तसा हिशेब खाडीकाठच्या गावांना जितका लागणार आहे, तितकाच तापीच्या पाण्यावर जगणाऱ्या गावांनाही लागणार आहे.